मंतरलेल्या मद्याची मुदत

ट्रिस्टन जंगलात हरणामागे धावतोय. बाण लागलेलं हरीण पुढे, हा मागे, दिवस कलत आलेला. आणि पळता पळता तो मध्येच थबकतो. तीन वर्षांपूर्वी ज्या घटकेला गलबतावर तो ते मंतरलेलं मद्य प्यायला होता, ती घटका फिरून आलीय आणि मद्याची मुदत संपलीय.

अंमल उतरल्यावर त्याच्या मनात पहिला विचार येतो तो नोकरीचा. थट्टा करत नाही. मी राजदरबारी असतो तर शंभर पोरं माझ्या हाताखाली शस्त्रं चालवायला शिकली असती, सरदारकी मी विसरूनच गेलो, आणि राणीला रेशमी पडद्यांच्या महालाऐवजी झाडपाल्याचं खोपट दिलं, अशा अर्थाचं तो स्वतःशी बोलतो. तिकडे खोपटात इसोल्डही कपाळाला हात लावून बसलीय. खानदानी घरच्या मुली आपल्या हाताखाली वाढायच्या, आपण त्यांना चांगली स्थळं बघून द्यायची, ते सगळं राहिलं याची तिला हळहळ.

हा प्रसंग लिहिणारा बेरूल हा 12व्या शतकातला फ्रेंच कवी. त्याच्या काव्याचं एकच हस्तलिखित शिल्लक राहिलं, ते पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयात आहे. सुरुवात गहाळ, शेवट गहाळ, मधल्या साडेचार हजारांच्या आसपास ओळी तेवढ्या उरल्यात. त्या ओळींतली ही मुदतीची कल्पना मला अख्ख्या ट्रिस्टन-कथेतली सगळ्यांत धाडसी गोष्ट वाटते, जर्मन संगीतकार वाग्नरनं याच कथेवर रचलेल्या ऑपेराच्या चार तासांच्या संगीतापेक्षाही. वाग्नरच्या भक्तांना हे झोंबेल. झोंबू दे.

कथा ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. मार्क हा कॉर्नवॉलचा राजा, ट्रिस्टन त्याचा भाचा. आयर्लंडची राजकन्या इसोल्ड मामासाठी आणायला भाचाच जातो. याच भाच्यानं आधी तिच्या मामाला, मोरहोल्टला, द्वंद्वात मारलेलं असतं, म्हणजे स्थळ मुळातच अवघड. लेकीचं म्हाताऱ्या राजाशी पटावं म्हणून तिची आई वनस्पती उकळून एक मद्य तयार करते आणि ब्रँगेन या सखीच्या हवाली करते. लग्नाच्या रात्री नवराबायकोला पाज, दुसऱ्या कुणाच्या ओठी लागू देऊ नकोस. समुद्रावर उकाडा, तहान, आणि भलताच पेला हाती. पुढचं सगळं त्या एका पेल्यातून.

हे मद्य कथेत हवंच कशाला, असा प्रश्न मला पहिल्या वाचनापासून पडत आला. दोन तरुण माणसं, दिवसेंदिवस गलबतावर, प्रेमात पडायला आणखी काय लागतं? पण ऐकणारे कोण होते ते ध्यानात घ्यायला हवं. गढीत बसून काव्य ऐकणारे सगळे कुणाचे तरी मांडलिक, कुणाचे तरी भाचे-पुतणे. खाल्ल्या मिठाला जागणं हा त्यांचा धर्म. ट्रिस्टन राजाचा मांडलिक आणि वर रक्ताचा भाचा, म्हणजे दुप्पट हरामखोरी. तरी श्रोत्यानं त्याच्यासाठी हळहळावं अशी कवीची इच्छा. मग खापर फोडायला काहीतरी हवं, आणि ते पेल्यावर फोडलं की नायक मोकळा.

बेरूलनं ही सोय घेतली, पण तिला तारीख घातली. आईनं मद्य उकळलं ते तीन वर्षांच्या प्रेमापुरतं, असं तो सरळ सांगून टाकतो. जर्मन भाषेत लिहिणाऱ्या आइलहार्टनं चार वर्षं दिली. फ्रेंचमध्येच लिहिणारा थॉमस आणि त्याच्या वाटेनं गेलेला जर्मन कवी गॉटफ्रीड फॉन श्ट्रासबुर्ग यांनी मात्र मुदत काढूनच टाकली, मद्य जन्माचं झालं. साहित्याच्या इतिहासात थॉमस-गॉटफ्रीडची शाखा दरबारी, सुसंस्कृत मानली जाते आणि बेरूलची रांगडी. असेल. पण मुदतीमुळे काय घडतं बघा. अंमल उतरतो, दोघं पस्तावतात, राणीला परत पाठवायचं ठरतं, आणि निरोप घेताना ती त्याचा लाडका कुत्रा हुस्डेंट मागून घेते, त्याला आपली अंगठी देते, आणि पुढे दोघं चोरून भेटतच राहतात. मद्य संपलं, प्रेम संपलं नाही. आता मात्र काखा वर करायला जागा नाही.

इराणातल्या एका कथेतही अशीच मुदत आहे, आणि तिची गंमत उलटी आहे. 11व्या शतकात फख्रुद्दीन गुर्गानीनं 'वीस आणि रामीन' हे फारसी काव्य लिहिलं. तिथेही वयस्क राजा, तरुण राणी वीस, आणि राजाचा धाकटा भाऊ रामीन हा प्रियकर. वीसची दाई राजाचं पौरुष बांधून टाकणारा ताईत करते, तोही फक्त महिनाभरापुरता, आणि नदीकाठी पुरून ठेवते. नदीला पूर येतो, ताईत वाहून जातो, महिन्याची बंदी जन्माची होते. रामीनही मध्येच दुसरीकडे लग्न करतो, जसा ट्रिस्टन करतो. ट्रिस्टनची कथा इथूनच पश्चिमेकडे गेली असं काही अभ्यासकांचं म्हणणं आहे, काहींना ते मान्य नाही, ते आयर्लंडच्या दिअर्मुइद आणि ग्राइन्ये यांच्या प्रेमकथेकडे बोट दाखवतात. वीस-रामीन शेवटी सुखानं राज्य करतात ही गोष्ट मात्र युरोपनं उचलली नाही.

जंगलाकडे परत येते. बेरूलच्या मोरुआच्या जंगलात दोघांना भाकरी मिळत नाही. शिकारीचं मांस भरपूर, पण पाव नाही, आणि कवी हे आवर्जून नोंदवतो. कपडे फाटतात. हुस्डेंटला न भुंकता शिकार करायला शिकवावं लागतं, कारण त्याच्या भुंकण्यानं माग लागला असता. एका दुपारी राजा मार्क खोपटापाशी येतो तेव्हा दोघं झोपलेली असतात, अंगावर कपडे आहेत, मध्ये नागवी तलवार. मार्कला वाटतं, मनात पाप असतं तर असे झोपले नसते. तो तिच्या बोटातली सैल झालेली अंगठी काढून आपली घालतो, तिची बोटं रोडावलीत हे त्याला तेव्हा कळतं. त्यांची तलवार उचलून आपली ठेवतो, आणि फांद्यांतून तिच्या चेहऱ्यावर ऊन येत असतं तिथे आपले हातमोजे खोचून जातो. फसवल्या गेलेल्या नवऱ्यानं बायकोच्या तोंडावर सावली करावी, हे एवढ्या साधेपणानं सांगणारा कवी रांगडा असेल तर मला रांगडेच कवी हवेत.

गॉटफ्रीडकडे हाच वनवास संगमरवरी गुहेत घडतो. साल साधारण 1210. गुहा गोल, भिंती पांढऱ्या गुळगुळीत, फरशी हिरवी, मधोमध स्फटिकाची शेज. प्रत्येक गोष्टीचा अर्थ तो लावून दाखवतो, गोलपणा म्हणजे सरळपणा वगैरे. आणि खायचं काय? काही नाही. एकमेकांकडे बघून त्यांचं पोट भरतं. मी इथे पहिल्यांदा वैतागले होते. पण मग तो हळूच सांगतो की ही गुहा आपल्याला अकराव्या वर्षापासून ठाऊक आहे, कॉर्नवॉलला मात्र आपण कधी गेलो नाही. एवढ्या एका वाक्यासाठी त्याला स्फटिकाची शेज माफ केली. त्याचं काव्य साडेएकोणीस हजार ओळींवर थांबतं, अपुरं. पुढच्यांनी शेपटं जोडली, पण ती शेपटंच.

बेरूलमध्ये मुदत संपल्यावर दोघं ओग्रिन नावाच्या तपस्व्याकडे जातात. हा बाबा आधी त्यांना पापपुण्य ऐकवून चुकलेला. आता मात्र राजाला पत्र लिहून देतो, आणि लिहिताना स्पष्ट म्हणतो की अब्रू झाकायची तर थोडं गोड खोटं बोलावं लागतं. मग स्वतः सेंट मायकेल्स माउंटच्या बाजारात जातो आणि राणी परतताना फाटक्या कपड्यांत दिसू नये म्हणून खरेदी करतो. लोकरीची वस्त्रं, रेशीम, तलम पांढरं कापड, झुलत चालणारी घोडी. थोडं उधारीवर, थोडं अदलाबदलीनं! जंगलात कंदमुळं खाऊन राहणारा म्हातारा कापडाच्या दुकानात उधारी मांडतोय, हे चित्र मला कुठल्याही प्रेमप्रसंगाइतकं आवडतं.

या कथेत प्रेमिकांपेक्षा त्यांच्या आजूबाजूची माणसं जास्त खरी आहेत, आणि प्रेमाचं बिल तीच भरतात. पेल्यात काय होतं यापेक्षा हे बिल कुणाच्या नावावर निघालं ते मी प्रत्येक कवीकडे आधी बघते.

ब्रँगेनचंच घ्या. पेला सांभाळायचं काम तिचं, चूक तिच्या हातून झालेली, तेव्हा लग्नाच्या रात्री इसोल्डच्या जागी अंधारात राजाच्या शेजेवर तिला पाठवलं जातं. राणी कुमारी नाही हे राजाला कळू नये म्हणून. तिचं काय, हे कुणी विचारत नाही. एवढ्यावर भागत नाही. हिला सगळं ठाऊक आहे, उद्या बोलली तर? या भीतीनं इसोल्ड दोन माणसं पैसे देऊन ठरवते, औषधी मुळ्या आणण्याच्या निमित्तानं ब्रँगेनला जंगलात पाठवते, आणि पुरावा म्हणून तिची जीभ आणा असं सांगते. गॉटफ्रीडनं हा प्रसंग फार अंगावर येणारा लिहिलाय. मारेकरी विचारतात, बाई, तू असा काय गुन्हा केलास? ती म्हणते, आम्ही दोघी आयर्लंडहून निघालो तेव्हा दोघींकडे आतून घालायचा एकेक पांढराशुभ्र झगा होता. गलबतावर उकाड्यानं मालकिणीनं तिचा वारंवार घातला, तो मळला. माझा मी घडी घालून ठेवला होता. लग्नाच्या रात्री तिनं तो मागितला, मी आधी आढेवेढे घेतले, मग दिला. याहून दुसरा अपराध मला आठवत नाही.

मृत्यूच्या दारातही तिनं गुपित फोडलं नाही. मारेकऱ्यांना ते कळलंच नाही, पण ही बाई निष्पाप आहे एवढं कळलं. लांडग्यांपासून वाचावी म्हणून तिला झाडावर बांधून ते एका शिकारी कुत्र्याची जीभ घेऊन गेले. झग्याची गोष्ट ऐकून इसोल्डला पश्चात्ताप होतो, ती त्यांनाच खुनी म्हणून शिव्या घालते, ब्रँगेन जिवंत परत येते, दोघी गळ्यात पडतात. आणि पुढे तीच ब्रँगेन रात्री पहारा करते. मालकिणीला शेवटपर्यंत भर सूर्यप्रकाशाची नायिका म्हणणारा गॉटफ्रीड हा प्रसंग गाळू शकला असता. त्यानं गाळला नाही, यासाठी त्याला मान द्यावा लागतो.

दुसरी, गोऱ्या हातांची इसोल्ड. ट्रिस्टन हद्दपार होऊन ब्रिटनीला जातो आणि तिथल्या राजघराण्यातल्या मुलीशी लग्न करतो, कारण ती सुंदर आहे आणि तिचं नाव इसोल्ड आहे. नाव सारखं म्हणून लग्न! थॉमसच्या काव्याचे तुकडेच उरलेत, पण हा भाग सुदैवानं आहे. लग्नाच्या रात्री घट्ट बाहीचा अंगरखा काढताना त्याच्या बोटातली अंगठी निसटून पडते, पहिल्या इसोल्डनं दिलेली, आणि तो जागच्या जागी थिजतो. जुनं दुखणं आहे, असं नव्या नवरीला सांगून कूस बदलून झोपतो. अशा किती रात्री गेल्या ते थॉमस मोजत नाही. एकदा ती भावाबरोबर घोड्यावरून जात असताना डबक्यातलं पाणी उडून तिच्या मांडीला लागतं आणि ती मोठ्यानं हसते. भाऊ विचारतो, काय झालं? ती म्हणते, हे पाणी आजवरच्या कुठल्याही हातापेक्षा धीट निघालं.

शेवटी विषारी भाल्यानं जखमी झालेला ट्रिस्टन मरणपंथाला लागतो. पहिल्या इसोल्डला आणायला गलबत जातं. ती आली तर शिड पांढरं, नाही तर काळं. ग्रीकांच्या थिसियसच्या कथेतली ही खूण, इथे येऊन बसलीय. गोऱ्या हातांची भिंतीआडून सगळं ऐकते. शिड दिसतं तेव्हा नवरा विचारतो, कुठल्या रंगाचं? ती म्हणते, काळंकुट्ट. तो भिंतीकडे तोंड करून प्राण सोडतो. बहुतेक वाचक तिला इथे खलनायिका ठरवून मोकळे होतात. मला जमत नाही. नॉर्वेच्या हाकोन राजासाठी 1226 साली ब्रदर रॉबर्टनं थॉमसच्या काव्यावरून गद्य सागा लिहिली, तिच्यात ती दोघांना चर्चच्या दोन बाजूंना पुरायला लावते, मेल्यावर तरी एकत्र नकोत म्हणून. तरी दोन्ही थडग्यांतून झाडं उगवून छपरावर एकमेकांत गुंततात. म्हणजे तिला तिथेही काही मिळालं नाहीच.

ऑपेराकडे वळते, आणि पहिल्यांदा वाग्नर नाही. 1832 साली मिलानमध्ये इटालियन संगीतकार दोनिझेत्तीचा 'लेलिझिर दामोरे', म्हणजे 'प्रेमाचं पेय', रंगमंचावर आला. पडदा उघडतो तेव्हा अदीना ही शेतमालकीण झाडाखाली बसून पुस्तक वाचतेय आणि खो खो हसतेय. पुस्तक आहे ट्रिस्टन आणि इसोल्डची गोष्ट. असलं पेय मिळतं तरी कुठे, असं ती चेष्टेनं विचारते. तिच्यावर जीव टाकणारा भोळा नेमोरीनो ते खरं मानतो, आणि गावात आलेला भोंदू वैद्य दुल्कामारा त्याला बाटली गळ्यात मारतो. आत साधी बोर्दोची वाइन! गुण चोवीस तासांनी येईल, असंही ठोकून देतो, म्हणजे तोवर याला गाव सोडून पळता यावं. बघा, इथेही मुदत आहेच. पिऊन पोराला धीर येतो, तो अदीनाकडे दुर्लक्ष करतो, आणि दुर्लक्ष केल्यामुळेच ती वळते. वाग्नरच्या आधी तेहतीस वर्षं कुणीतरी पेल्यातलं बिंग हसत हसत फोडलं होतं.

वाग्नरला हसणं जमण्यासारखं नव्हतं. 1857 साली 'सीगफ्रीड'चं काम अर्ध्यावर टाकून तो ट्रिस्टनला लागला. छोटासा, कुठेही चटकन बसवता येईल असा, चार पैसे देणारा ऑपेरा लिहू, असा त्याचा हिशेब. प्रत्यक्षात व्हिएन्नानं सत्तरहून जास्त तालमी करून नाद सोडला. त्यानं कथा गॉटफ्रीडकडून घेतली आणि छाटत छाटत तीन अंकांवर आणली. भाकरी गेली, तपस्व्याची उधारी गेली, पांढरा झगा गेला, गोऱ्या हातांची इसोल्ड तर नावालाही राहिली नाही. उरलं एक गलबत, एक बाग, एक पडका किल्ला. मद्याचंही त्यानं वेगळंच केलं. इसोल्ड विष मागते, ब्रँगेन जीव न धजल्यामुळे त्याऐवजी प्रेमाचं मद्य भरते. दोघं मरणार या समजुतीनं पितात आणि मरायचंच आहे तर लपवायचं कशाला म्हणून बोलून टाकतात. पेल्यात साधं पाणी असतं तरी चाललं असतं, हे त्यावर अनेकांनी म्हटलंय आणि ते खरंच आहे.

संगीताबद्दल मी जपून बोलते, कारण माझा कान नाट्यसंगीतावर आणि ख्यालावर पोसलेला. सुरुवातीच्या स्वरावलीतच तो प्रसिद्ध बेचैन स्वरसमूह येतो, त्याला सुटका हवी असते, आणि ती मिळते तेव्हाही दुसऱ्या बेचैनीत मिळते. एखाद्या गवयानं निषादावर रेंगाळावं, आता षड्ज लागेल असं वाटावं आणि त्यानं पुन्हा पुन्हा हुलकावणी द्यावी, तसं. वाग्नर ही हुलकावणी जवळजवळ चार तास देतो. अगदी शेवटी, इसोल्डच्या अखेरच्या गाण्यानंतर, तो मूळ स्वरसमूह पुन्हा येतो आणि पहिल्यांदा घरी पोचतो. पहिल्या वेळी मला वाटलं होतं, एवढं ताणायचं कशाला. आता वाटत नाही. पण दुसऱ्या अंकातलं रात्रीची स्तुती आणि दिवसाचा धिक्कार करणारं लांबलचक युगुलगीत ऐकताना माझं लक्ष अजूनही बुरुजावरून येणाऱ्या आवाजाकडे जातं. वर ब्रँगेन जागी आहे. सांभाळा, रात्र सरतेय, असं ती दोनदा गाऊन सांगते, आणि त्या दोघांना त्याचं काही नाही. झग्याची गोष्ट वाग्नरनं कापली खरी, पण तिला पहाऱ्यावर ठेवली.

आणि मार्क. दोघं पकडली जातात, आणि राजा संतापत नाही. तो विचारतो. खर्जातला आवाज, सोबत बास क्लॅरिनेटची एकटी रेघ. तूच असा वागलास, मग निष्ठा शोधायची कुठे? याचं कारण जगाला कोण सांगेल? ट्रिस्टन म्हणतो, राजा, ते मी तुला सांगू शकत नाही, आणि तुला ते कधी कळणारही नाही. संपलं उत्तर. ऑपेरागृहात पुष्कळांना हा भाग कंटाळवाणा वाटतो म्हणे. मला तो सगळ्यांत जवळचा. 1998 साली म्युनिकला जो नवा प्रयोग झाला, त्याचं चित्रीकरण मी अनेकदा बघते. वाद्यवृंद मुंबईत जन्मलेल्या झुबिन मेहतांच्या हाती, ऑपेरागृह तेच जिथे ट्रिस्टनचा पहिला प्रयोग झाला (महायुद्धात बेचिराख होऊन पुन्हा उभारलेलं), आणि मार्कच्या भूमिकेत कुर्ट मोल. दिग्दर्शक पेटर कोनव्हिच्नीनं प्रेमप्रसंगासाठी चक्क पिवळा सोफा मंचावर आणलाय, त्यावरून लोक भांडले. मोल गायला लागतो तेव्हा सोफा विसरायला होतं.

मार्क एवढा खरा का उतरला, याचं उत्तर वाग्नरच्या वागण्यात आहे. झुरिकला तो ज्या घरात राहून ट्रिस्टन लिहीत होता ते घर रेशमाचा व्यापारी ओटो व्हेझेनडोंकनं दिलेलं, आपल्या बंगल्याशेजारीच. आणि वाग्नरचा जीव जडला होता ओटोच्या बायकोवर, माटिल्डवर. तिच्या कविता त्यानं स्वरबद्ध केल्या, त्यांतल्या दोन गाण्यांत ट्रिस्टनची सुरावट कच्च्या स्वरूपात ऐकू येते. 1858 च्या एप्रिलमध्ये वाग्नरच्या बायकोनं, मिनानं, ट्रिस्टनच्या आरंभसंगीताच्या कागदांबरोबर माटिल्डला जाणारं पत्र मध्येच पकडलं. पुढचा गोंधळ कुठल्याही वाड्यात झाला असता तसा झाला आणि उन्हाळा संपायच्या आत वाग्नरला ते घर सोडावं लागलं. दुसरा अंक त्यानं व्हेनिसला पुरा केला, तिसरा ल्युसर्नला. ऑगस्ट 1859.

त्याच काळात त्याच्या डोक्यात आणखी एक ऑपेरा घोळत होता, आणि तो आपल्याकडचा. फ्रेंच पंडित युजीन ब्युर्नुफच्या बौद्ध धर्मावरच्या ग्रंथात त्यानं आनंद आणि प्रकृती यांची कथा वाचली आणि 1856 साली 'विजेते' या नावानं तिचा आराखडा लिहिला. चांडाळ मुलगी प्रकृती बुद्धाच्या शिष्याच्या प्रेमात पडते, आणि मूळ बौद्ध कथेत तिची आई मंत्र घालून आनंदला घराकडे खेचून आणते. इथेही आई, लेक आणि वशीकरण. फरक एवढाच की इथे बुद्ध मंत्र उतरवतो. पुढे रवींद्रनाथांनी याच कथेवर 'चंडालिका' लिहिलं, 1933 साली. वाग्नरचा आराखडा कागदावरच राहिला. त्याला मंत्र उतरलेला नको होता, असं मला आपलं वाटतं.

ट्रिस्टनची संहिता पूर्ण झाली सप्टेंबर 1857 मध्ये. तेव्हा त्याच घरी मधुचंद्राला आलेलं एक जोडपं उतरलं होतं. नवरा हान्स फॉन ब्यूलो, वाग्नरचा निष्ठावान शिष्य. बायको कोझिमा, संगीतकार फ्रान्झ लिस्टची मुलगी. वाग्नरनं संहिता वाचून दाखवली तेव्हा समोर मिना, माटिल्ड आणि कोझिमा तिघी बसलेल्या होत्या. म्हणजे जिच्याशी संसार मोडत होता ती, जिच्यासाठी लिहिलं ती, आणि पुढे जी बायको होणार होती ती. एवढा योगायोग कादंबरीत कुणी लिहिला तर संपादक कापेल.

10 जून 1865 ला म्युनिकला पहिला प्रयोग झाला. समोर बव्हेरियाचा तरुण राजा लुडविग. संचालन केलं ब्यूलोनं. दोन महिन्यांपूर्वी, 10 एप्रिलला, कोझिमाला मुलगी झाली होती. ती वाग्नरची होती, आणि तिचं नाव इसोल्ड. ब्यूलोनं तिला आपलं नाव लावलं, तालमी घेतल्या, काठी उचलली. मार्कचं स्वगत तो रोज संचालित करत होता. ट्रिस्टन गाणारा लुडविग श्नोर फॉन कारोल्सफेल्ड चार प्रयोग करून जुलैमध्ये वारला, अवघा 29 वर्षांचा. पुढे कोझिमानं ब्यूलोला सोडलं, 1870 मध्ये वाग्नरशी लग्न केलं, आणि वाग्नरच्या मृत्यूनंतर 1886 साली बायरॉइटच्या, म्हणजे वाग्नरनं आपल्या ऑपेरांसाठी उभारलेल्या नाट्यगृहाच्या, मंचावर स्वतःच्या देखरेखीखाली ट्रिस्टन उभा केला.

बेरूलमध्ये राणीवर आळ येतो तेव्हा ती सगळ्यांसमोर शपथ घेते. त्याआधी चिखलाच्या उतारावर एका महारोग्याच्या पाठीवर बसून ती पलीकडे जाते. तो महारोगी म्हणजे वेषांतर केलेला ट्रिस्टन. मग ती शपथेवर सांगते, हा महारोगी आणि माझा नवरा सोडून माझ्या मांड्यांमध्ये कुणी पुरुष आलेला नाही. अक्षरशः खरं. ती सुटते, आणि ऐकणारे गढीत पोट धरून हसले असणार.

म्युनिकला जन्मलेली इसोल्ड मोठी झाली, फ्रान्झ बाइडलर या वाद्यवृंद-संचालकाशी तिचं लग्न झालं, आणि पुढे बायरॉइटच्या वारशावरून माहेराशी फाटलं. आपण वाग्नरची मुलगी आहोत हे मान्य व्हावं म्हणून ती आईविरुद्ध कोर्टात गेली. सगळ्या जर्मनीला ठाऊक असलेली गोष्ट. पण जन्माच्या वेळी आई ब्यूलोची लग्नाची बायको होती, आणि कायद्याला तेवढं पुरेसं होतं. 1914 साली ती दावा हरली. कागदोपत्री ती ब्यूलोचीच राहिली आणि 1919 मध्ये क्षयानं गेली. तिचा मुलगा फ्रान्झ विल्हेल्म हा वाग्नरचा पहिला नातू. नाझी आल्यावर त्यानं जर्मनी सोडली, झुरिकला घर केलं, आणि तिथे बसून आपल्या आजीचं, कोझिमाचं, चरित्र लिहायला घेतलं. ते पुरं झालं नाही.